एकदाणी मोडून घेतलेलं एक वर्ष

अहो प्रकाशचे बाबा,

पत्र लिहायला बसले आहे खरी, पण हे पोचणार कुठे? आत्मा-बित्मा आपण मानत नाही. तुम्हीच ते शिकवलंत. गेलेला माणूस ऐकत नाही, त्याला हाका मारू नयेत, असं तुम्ही शेजारच्या गंगाबाईला ठणकावून सांगितलं होतं. पण जिवंत होतात तेव्हा तरी माझं कितीसं ऐकलंत? तेव्हा त्यानं माझं काही अडत नाही. मी लिहिणार.

झालं असं की काल प्रकाश आणि सून शशिकला अकोल्याहून आले. लग्नाला अजून वर्षही झालं नाही आणि पोरानं तिकडे प्लॉट घेऊन ठेवलाय. त्यावर चार खोल्या बांधायच्या म्हणतो. पैसे कुठून आणणार? तर आपलं हे अमरावतीचं घर बँकेत गहाण ठेवायचं. तुमच्या माघारी घर माझ्या नावावर झालं, म्हणून सही माझी पाहिजे.

"माय, भेवासारखं काही नाई," तो मला समजावत होता. "हप्ता फक्त अर्ध्या पगाराचा. तार ऑफिस सुटलं का मी एका आडत्याच्या इथं हिशोब लिहाले जाईन. सहज निघते."

फक्त! सहज! अहो, तुमच्या तोंडून हेच दोन शब्द मी ऐकले होते. तेव्हा प्रकाश एवढासा होता आणि मी शशिकलासारखी दारात उभी राहून हसत होते.

आणि खरं सांगू? काल तिच्याकडे बघून माझा जळफळाट झाला. तिनंच मला भोळेपणी सांगितलं, की प्रकाश साडेपाचला घरी येतो, सायकल टेकवतो, आणि मग दोघं ओट्यावर बसून चहा घेतात. रोज! सणासुदीचं नव्हे, रोजचं! मला या घरातला आपला एकही तसा चहा आठवेना. मनात आलं, आण तो कागद, करते सही. हिलाही कळू दे सवत काय असते.

सवतच म्हणते मी या घराला. तुम्ही हसायचात. मी मात्र कधीच थट्टेनं म्हटलं नाही.

आपल्या भाड्याच्या खोलीत आपण किती सुखात होतो, आठवतं? तुम्ही कापसाच्या जिनिंगमधले फिटर. दिवाळी झाली की अकोटला जायचात, आणि होळीला सीझन संपला की परत. ते पाच महिने मी तोंडातून अवाक्षर काढत नव्हते. कारण पुढचा उन्हाळा नि पावसाळा माझा असायचा. अख्खा! तुम्ही प्रकाशला खांद्यावर घेऊन बाजारात जायचात. अंबाडीची भाजी निवडायचात. एकदा भाकर थापायला बसलात आणि ती तव्यावर पडायच्या आधीच तुटली. मी हसून हसून बेजार झाले होते. सीझनच्या कमाईत वर्ष निघत होतं. कमी होतं, पण निघत होतं.

मग घरमालक चाचांच्या मुलाचं लग्न ठरलं. त्यांना ती खोली पाहिजे होती. बिचारे स्वतःच कानकोंडे झाले होते. "मिस्त्री, आरामसे ढूंढो, जल्दी नहीं," म्हणाले. तुम्ही शोधायला निघालात. रोज सकाळी धुतलेला सदरा घालून जायचात आणि उतरलेल्या चेहऱ्यानं यायचात. खोली रिकामी असायची, भाडं ठरायचं, आणि मग आडनाव विचारलं की ती खोली नेमकी कालच कोणाला तरी दिलेली असायची. धम्मदीक्षेच्या तीन वर्षं आधीची ही गोष्ट. दीक्षेनंतर तरी आडनाव विचारणं कुठे थांबलं म्हणा! एक दिवस तुम्ही सदरा काढून खुंटीला अडकवलात आणि म्हणालात, "आता भाड्यानं नाई रायचं कमल. कोनाच्या दारात उभं नाई रायचं."

तेव्हा मीच डोळे पुसत हो म्हटलं. ते विसरले नाही मी.

सोसायटीचा प्लॉट मिळाला, बँकेनं कर्ज दिलं, पंधरा वर्षांची मुदत. तुम्ही बोटांवर हिशोब करून दाखवलात: सीझनची कमाई बारा महिन्यांत वाटायची, दर महिन्याच्या वाट्यातून आधी हप्ता, उरलेलं पोटाला, बस्स. दोघांनाही पटलं. अहो, पण हप्ता काढला तेव्हा पोट उरलं कुठे? हप्ता चैत्रातही येतो आणि श्रावणातही येतो. त्याला काय माहीत कापसाचा सीझन कधी संपतो! पहिल्याच उन्हाळ्यात पैसे पुरेनात. तुम्ही अकोल्याला गेलात, बंद जिनिंगमधल्या मशिनी उघडून दुरुस्त करायला. रोलरचं चामडं बदला, पाती घासा, तेलपाणी करा. "औंदाचंच वर्ष," म्हणालात.

पुढच्या वर्षीही औंदाचंच. त्याच्या पुढच्याही.

अशी ही सवत माझे उन्हाळे-पावसाळे घेऊन बसली. आणि महिन्या-दीड महिन्यातून घरी आलात की पहिलं काय करायचात? माझ्याकडे पाहायचात का? नाही! चपला काढायच्या आधी भिंतीवरून हात फिरवायचात. ओल आली का, भेग वाढली का, छपरावरचे कवेलू सरकले का! एकदा मी आठ दिवस तापानं अंथरुणात होते. तुम्ही आलात, माझ्या कपाळाला हात लावलात, "आता बरं हाये ना?" विचारलंत आणि शिडी घेऊन मागच्या भिंतीकडे गेलात. मी पांघरुणात रडले. भिंतीचा मत्सर वाटणारी बाई अख्ख्या अमरावतीत दुसरी नसेल.

पाचव्या वर्षी माझं डोकं फिरलं. म्हटलं, आता बस्स झालं, नवरा सोडवून आणते. मायनं मजुरीच्या पैशातून केलेली माझी एकदाणी, सोन्याच्या मण्यांची, गळ्यात तेवढं एकच सोनं. ती सोनाराकडे मोडली आणि पैसे पदरात बांधून बँकेत गेले. मला वाटत होतं, पाच वर्षांत तिसरा हिस्सा तरी फिटला असेल, हे पैसे टाकले की निम्मं ओझं उतरेल.

मॅनेजरनं कागद बघितला आणि मुद्दल किती बाकी ते सांगितलं. मी म्हटलं, तुमचं चुकलं. कारण मुद्दल जवळजवळ तिथंच होतं!

"बाई, हप्त्यातून पयले व्याज कटते," ते म्हणाले. "उरलं ते मुद्दलात जाते. सुरवातीले मुद्दल मोठं, म्हून व्याजच जास्त. मुद्दल पुढं पुढं फिटते."

"मंग पाच वर्षं आमी काय फेडलं?"

"जास्ती व्याजच, बाई. मुद्दलाले आता कुठं हात लागून राहिला."

 पाच पावसाळे घेतले या सवतीनं माझे, आणि जमेला धरलेच नाहीत! दुकानदारसुद्धा पैसे घेतले की काही तरी पुडीत बांधून देतो. त्या दिवशी मला कळलं की आपण हे घर दोनदा विकत घेत होतो, एकदा विटा-चुन्याचं आणि एकदा बँकेकडून. आणि दोन्ही वेळा किंमत एकच होती, तुम्ही.

मॅनेजर भला माणूस. पैसे मोजून म्हणाले, "यानं हप्ता कमी करू का मुदत?" मी म्हटलं मुदत. "मंग तुमचं एक वरीस कमी झालं."

मला किती आनंद झाला! म्हटलं, यंदा पावसाळ्यात घरी राहतील. तसं विचारलंही. त्यांनी मान हलवली. "हे वरीस नाई बाई. शेवटचं. मुदतीच्या टोकाचं."

तुम्हाला सांगितलं तेव्हा आधी चिडलात. मायचं सोनं मोडलं म्हणून. मग एकदम हसायला लागलात. "म्हंजे तुनं मले वर्षभराले इकत घेतलं म्हनाव!"

"हो, घेतलं," मी म्हटलं. "अन् ते वर्ष माह्यं. हिचं नाई."

"तुयंच," तुम्ही म्हणालात.

ते वर्ष यायला किती वर्षं लागली! प्रकाशला मिशा फुटल्या, तो मॅट्रिक झाला, नोकरीला लागला, माझे केस पिकले. आणि अखेर मुदतीच्या एक वर्ष आधी गहाण सुटलं. होळीला तुम्ही अकोटहून आलात आणि अकोल्याला गेला नाहीत. मी सकाळपासून दोन वेळा दारात जाऊन बघितलं, तुम्ही खरंच आहात ना.

होतात तुम्ही. छपरावर!

आता घर खऱ्या अर्थानं आपलं, म्हणून सगळे कवेलू बदलायचे. मग गिलावा. मग मागची न्हाणी. मग चुना. अहो, सोनं माझं गेलं होतं! वर्ष मी विकत घेतलं होतं! आणि तुम्ही ते उचलून तिच्या पदरात टाकलंत. मी चिडून शिडी काढून घेतली, आठवतं? म्हटलं, आज माझ्याशी बोलल्याशिवाय खाली उतरायचं नाही. तुम्ही आढ्यावर पाय सोडून बसलात. गंगाबाई तोंडाला पदर लावून बघत होती. "बोल," तुम्ही वरून म्हणालात. आणि आपण बोललो. तुम्ही वर, मी अंगणात, ऊन कलेपर्यंत. अकोटच्या खोलीत एकट्यानं भाकर खाताना कसं वाटायचं ते तुम्ही त्या दिवशी पहिल्यांदा सांगितलंत. इतकी वर्षं मला वाटत होतं की एकटी मीच होते. लग्नानंतरचा माझा तो सगळ्यात चांगला दिवस. त्या दिवशीही बसला होतात तिच्याच खांद्यावर, ही गोष्ट वेगळी.

दिवाळीनंतर मी म्हटलं, आता जाऊ नका. "एक सीझन. न्हाणीची उधारी हाये," म्हणालात. तिकडेच छातीत कळ आली. अकोटहून लोकांनी तुम्हाला आणलं ते याच घरात. ते एकच वर्ष मिळालं आपल्याला. मुदत पूर्ण होण्याची वाट बघितली असती तर तेही मिळालं नसतं. 

तर आज दुपारी प्रकाश मित्राकडे गेला होता तेव्हा मी शशिकलाला समोर बसवलं आणि हे सगळं सांगितलं. व्याज-मुद्दल सांगितलं, एकदाणी सांगितली, शिडी सांगितली. पोरगी ऐकत राहिली. मला वाटलं घाबरेल. पण तिनं उलट मलाच विचारलं, "आत्याबाई, मंग तुमाले घर नको होतं का?"

 नको होतं म्हणायला जीभ उचलेना. त्या रिकाम्या खोल्या आठवल्या, तुमचा धुतलेला सदरा आठवला. पहिल्या दिवशी आपल्याच दाराला आतून कडी लावली होती, आणि उगाचच दोन-चार वेळा काढून परत लावली होती, ते आठवलं. मला रडू फुटलं.

"पाहिजे होतं, पोरी," मी म्हटलं. "पन तेवढ्याले नाई."

 संध्याकाळी प्रकाश आला तेव्हा शशिकलानं घराचा नकाशा जमिनीवर पसरला, दोन खोल्यांवर हात आडवा धरला आणि म्हणाली, "एवढ्या नको. दोनच बांधू. हप्ता भरून घर ऑफिसच्या पगारात चाललं पायजे. तुमी आडत्याकडं गेले तं मी बी माहेरी जाईन." पोरगा चिडला. लोक काय म्हणतील, पुढं वाढवायचं कसं, सिमेंट महाग होईल, सगळं बोलून झालं. ती हात काढेना. मला तर तिचा आणखीनच हेवा वाटला. त्या वेळी असा हात धरायचं मला का सुचलं नाही हो? सुचलं असतं तर तुम्ही ऐकलं असतंत का?

शेवटी प्रकाश पेन्सिल शोधायला उठला.

तो नवा कागद आणेल तेव्हा मी सही करीन. पण तुम्हाला एक वचन देते. शशिकलाच्या घरात एखादी भिंत कमी असली तरी चालेल. नवरा मी कमी पडू देणार नाही.

तुमच्यावर अजून रागावलेली,
तुमची
कमल