वसंतरावांनी रंगवलेली नायिका

रोम, ४ मार्च १९७८

ती. शालिकराममामा यांस,

चंद्रकलेचा सप्रेम जय भीम. वि. वि. मी बरी आहे, थंडीनं ओठ तेवढे फुटलेत.

मी नर्स आहे त्या वृद्धाश्रमात लिव्हियाबाई म्हणून एक आजारी बाई आहे. पूर्वी सिनेमात होती. कधी राणीची दासी, कधी सैनिकाची विधवा. नायिका घोड्याला घाबरली की तिच्याऐवजी घोड्यावर पाठमोरी हीच. इकडे आवाज मागाहून भरतात, तोही हिचा कधी नव्हता. पोस्टरवर चेहरा एकदाही आला नाही. बाकीच्या म्हाताऱ्या म्हणतात, थापा मारते. हिच्याकडे एक फोटोसुद्धा उरलेला नाही. पोटातला आजार पसरलाय, उन्हाळा काढला तरी खूप.

तिच्या तोंडून एका सिनेमाचं नाव, आणि त्यात विष पिणारी दासी तीच होती हे ऐकलं आणि चमकलेच. बाबांनी ज्याचा टॉकीजवरचा बोर्ड रंगवून शिव्या खाल्ल्या तोच तो! मी तिला सांगितलं की आमच्या नागपुरात तू नायिका होतीस. तेव्हापासून रोज विचारते, ते चित्र येईल का? बाबांना विचाराल?

माया आहेच, ती वाढू द्यावी.
चंद्रकला

सक्करदरा, नागपूर, २० मार्च १९७८

चि. चंद्रकला हिस,

मामाचे अनेक आशीर्वाद. पत्र पावले. ओठांना तूप लाव. रोममध्ये तूप मिळत नसेल, तर ते साम्राज्य का बुडालं हे मला आज कळलं.

टॉकीजवाला तुझ्या बाबांना फोटोंचा गठ्ठा द्यायचा. सिनेमा पाहून बोर्ड रंगवायची चैन इथं कुणाला? त्यांनी सर्वांत बोलका चेहरा उचलला आणि दुमजली उंच रंगवला. संस्कृत श्लोकात च, वै, हि घालतात, चरण भरायला. तशी ती बाई नुसती भरीची निघाली. मध्यंतराआधीच विष पिऊन मेली. इतवारीतल्या हमालांनी खुर्च्या बडवल्या की बोर्डावरची बाई दाखवा. मालकानं विचारलं की काहून गा वसंता, मोलकरणीले राणी केलं? तर हे म्हणाले की तुमच्या राणीचं तोंड कणकेच्या गोळ्यासारखं आहे, म्या काय करू? त्या टॉकीजचं काम तिथंच संपलं.

तो बोर्ड मात्र कुठला उरायला! पुढच्या सिनेमासाठी त्याच कापडावर पांढरा हात मारतात. म्हणून पुन्हा काढा म्हटलं. उजवी बाजू लुळी पडल्यापासून त्यांनी ब्रश धरला नव्हता. आधी माझ्यावर खेकसले, मग म्हणाले की डावा हात काय फक्त जेवाले आहे? आता दार लावून बसतात. मलाही पाहू देत नाहीत. मेणकापडात स्वतःच गुंडाळून देणार म्हणे. मी आपला टपालापुरता हमाल.

आमच्यावरचा जीव पातळ होऊ देऊ नये.
शालिकराम

रोम, ९ जुलै १९७८

ती. मामा यांस,

सप्रेम जय भीम. वि. वि. चित्र मे महिन्यातच पोचलं. इतके दिवस लिहवलं नाही. मामा, तो चेहरा लिव्हियाबाईचा नाही. कपाळ रुंद, हनुवटीवर खळी, डोळे भलतेच. ती खूप वेळ पाहत राहिली. मग मला सगळ्या म्हाताऱ्यांना बोलवायला लावलं, आणि सांगितलं की ही मी. कुणीच वाद घातला नाही. तिचं किती उरलंय ते सगळ्यांना दिसत होतं.

गेल्या महिन्यात ती गेली. इथं थडग्याच्या दगडावर माणसाचा फोटो चिनी मातीच्या चकतीवर भाजून बसवतात. तिच्या भाच्याकडेही तिचा फोटो नाही. त्यानं बाबांच्या चित्राचा फोटो बसवला. मी अडवलं नाही, आणि आता ते मनातून जात नाही. आयुष्यभर कुणी तिचा चेहरा लावला नाही, आणि मेल्यावर परक्या बाईचा लागला. बाबांना सांगू नका. हात चुकला हे त्यांना सोसणार नाही.

तुमचीच,
चंद्रकला

सक्करदरा, नागपूर, २६ जुलै १९७८

चि. चंद्रकला हिस,

अनेक आशीर्वाद. तू नको म्हटलेलं सगळं मी तुझ्या बाबांना वाचून दाखवलं. चित्राची ख्यालीखुशाली वाचून पुढचं गाळायचं ठरवलं होतं; पण हनुवटीच्या खळीपाशी मीच अडखळलो, आणि मग ते सोडतात होय?

सगळं ऐकून म्हणाले की त्या इटलीवालीचं तोंड काही केल्या आठवून नाही राहिलं. डोळे मिटले की एकच चेहरा येई, अन् डाव्या हाताले दुसरं काही उतरवताच आलं नाही.

पोरी, ती खळी माझ्या बहिणीची. तुझ्या आईची. तू अंगावर पीत होतीस तेव्हा रुखमा गेली. तिचा फोटो काढायचं कुणाच्या ऐपतीत नव्हतं, मनातही नव्हतं. पुरली त्या जागेवर पुढं घरं उठली. तू तिला ओळखणार तरी कशी?

सवड काढून तिथं जा. दगडावर केस काळेच उतरलेत की भाजताना तपकिरी झालेत, एवढंच तुझे बाबा विचारतात. नीट पाहून कळव. आणि फुलं नेशील तेव्हा दोघींची ने.

मामा