निकाल लागेपर्यंत

१२ जानेवारी

ती. दादास,
सा. न. वि. वि.

मनाई हुकूम काल मिळाला. वकिलांकडून तुला प्रत पोचेलच, पण आईच्या घराची बातमी तुला परक्याकडून कळावी हे बरं दिसेना, म्हणून लिहिते. दाव्याचा निकाल लागेपर्यंत तू घर विकायचं नाहीस आणि खालचं घड्याळाचं दुकानही कोणाला द्यायचं नाहीस. हुकूम तात्पुरता आहे, पण वकील म्हणतात, तात्पुरतंसुद्धा चांगलं चार-पाच वर्षं चालतं.

जिंकल्यासारखं काही वाटलं नाही. खरं म्हणजे काहीच वाटलं नाही. घरी येऊन भांडी घासली आणि बसून राहिले.

मला न विचारता तू औषधदुकानवाल्याशी सौदा ठरवलास. कागद तुझ्या एकट्याच्या नावावर असला म्हणून काय झालं? त्याचा राग एक वेळ गेलाही असता. पण कोर्टाच्या व्हरांड्यात तू माझ्या अगदी अंगावरून गेलास आणि साधी ओळखही दाखवली नाहीस! सत्तरीला आलेला माणूस असा तोंड फुगवून बसतो का? वहिनी असती तर तुझे कान उपटले असते.

रागावलेली, पण तुझीच,
ठमी

२७ जानेवारी

चि. ठमीस,
अ. उ. आ.

तुझं पत्र शेजारच्या मास्तरीणबाईंकडून वाचून घेतलं. कान उपटण्याच्या जागी त्यांना हसू आवरेना. उत्तर मात्र मीच लिहितोय. कागदाला घड्या घालून त्यांच्या अंदाजाने चाललंय, तेव्हा ओळी एकमेकींवर चढल्या तर समजून घे. फोन केला असता, पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस.

तोंड फुगवलं नव्हतं. मला तू दिसलीच नाहीस. दोन्ही डोळ्यांचं मधलं गेलं आहे. कडेकडेचं थोडं दिसतं. डॉक्टर म्हणतात, तेही किती दिवस राहील सांगता येत नाही. ऑक्टोबरपासून भिंग डोळ्याला लावलेलं नाही. लोकांची घड्याळं होती तशी परत केली. शेवटचं गेलं त्या दिवशी वाईट वाटेल असं वाटलं होतं. नाही वाटलं.

तुला सांगितलं नाही, कारण तू नर्स. धावत येशील आणि मला पेशंट करून टाकशील. त्यापेक्षा घर विकावं आणि लेकीकडे जाऊन राहावं असं ठरवलं. औषधदुकानवाला मार्चअखेरपर्यंत थांबणार आहे. तू हुकूम आणलास याचा राग नाही. राग येतच नाही हल्ली.

तुझा,
दादा

४ फेब्रुवारी

ती. दादास,
सा. न. वि. वि.

पत्र वॉर्डातच उभ्या उभ्या वाचलं. मग दोनची औषधं वाटली, एकही चुकलं नाही. संध्याकाळी बसमध्ये पुन्हा काढून वाचलं आणि माझा स्टॉप मागे गेला. चोवीस वर्षं लोकांच्या डोळ्यांत बॅटरी मारून बघते मी, आणि सख्ख्या भावाचं मला कळू नये?

वकिलांना सांगितलं, हुकूम उठवा. ते म्हणाले, चार मार्चच्या तारखेला तसा अर्ज देऊ. तू घर वीक, दादा. तोवर लेकीकडे आठ दिवस राहून ये, म्हणजे सवय होईल. माझ्यावर माया आहे तशी ठेव, एवढंच.

ठमी

२१ फेब्रुवारी

चि. ठमीस,
अ. उ. आ.

लेकीकडे आठ दिवस राहून आलो. सगळे माझ्यावर जीव टाकतात. जावयांनी एक खोली रिकामी केली, टेबलाच्या कोपऱ्यांना फोम चिकटवला. तरी पहिल्या दिवशी गुडघा फोडून घेतला. तिसऱ्या दिवशी न्हाणीघर समजून बाहेरचं दार उघडलं आणि जिन्यात उभा राहिलो. मग चहाला जायचं तरी कोणीतरी हात धरायला लागलं.

कोर्टाची तारीख आहे अशी थाप मारून परत आलो. इथे बसस्टॉपपासूनच पाय आपले आपण चालतात. कुलूप उघडलं, जिना चढलो, चहा केला. दुकानात जाऊन तिसऱ्या खणात हात घातला तर चिमटा तिथेच. कोणाला हाक मारावी लागली नाही. त्या दिवशी किती महिन्यांनी बरं वाटलं.

पण लेक रोज फोन करते. ती 'बाबा' म्हणाली की माझ्या तोंडून नकार निघत नाही, लहानपणीही निघाला नाही. औषधदुकानवालाही दर दोन दिवसांनी डोकावतो. दोघांना मी एकच सांगतो, माझ्या हातात काय आहे, बहिणीने मनाई आणली आहे. मग विक्रीचा विषय तिथेच थांबतो. लेक तुला वाटेल ते बोलते आणि मी ऐकून घेतो. त्याबद्दल मला माफ कर.

तर चार तारखेला तो अर्ज देऊ नकोस. माझा वकील जोरात भांडेल, त्याला मी काही बोललेलो नाही. तू हरू नकोस, ठमे.

लोभ असू दे, फक्त लेकीला त्याचा सुगावा लागू देऊ नकोस.

दादा