अकोल्गोच्या नावे काहीही नाही

मी, पोगसा एमिलिया दाबुओ, राहणार टांगपुओ, दिवंगत शाळामास्तर गॅब्रियल दाबुओ यांची विधवा, हे मृत्युपत्र माझ्या स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे गुडघे गेले आहेत, डोके जागेवर आहे. मला कोणी धमकावलेले नाही, दारू पाजलेली नाही, गोड बोलून भुलवलेलेही नाही. शाळेत मी कधी बसले नाही. मास्तरांनी टाकून दिलेल्या पहिलीच्या पुस्तकांवरून अक्षरे लावत गेले. तेव्हा शब्द चुकले असतील तर टाइप करणाऱ्याने सुधारू नयेत. अर्थ चुकलेला नाही.

१. मला मास्तरांच्या शेजारी पुरावे. मास्तरांच्या पलीकडे आमचा मुलगा लायनस आहे. तो गोवराने गेला तेव्हा चार वर्षांचा होता. मधली जागा मास्तरांनी घेतली, आता कडेची माझी.

२. बँकेत जे असेल ते, शीयाच्या बियांचे तूप काढायची माझी सगळी भांडी आणि मास्तरांची युद्धातली पदके माझी मुलगी फिलोमेना हिची. पदकांना पॉलिश करू नये. मास्तर म्हणत, चकाकणारे पदक बाजारात विकत घेतल्यासारखे दिसते.

माझे पती गोऱ्या सरकारच्या पलटणीत कॉर्पोरल होते. जहाजाने मुंबईला उतरले, नाशिकजवळच्या छावणीत शिकले आणि तिथून ब्रह्मदेशाच्या जंगलात गेले. नाशिकहून त्यांनी एकच शब्द आणला, ‘चला’. पेरू विकणारी एक बाई पोरांना हाकताना तो म्हणायची. आमच्या शाळेतली मुले आजही मधली सुट्टी संपली की एकमेकांना ‘चला, चला’ म्हणतात. त्यांना वाटते हा शब्द आपलाच आहे. तो तसाच राहू द्यावा.

३. शाळेची घंटा, म्हणजे बाओबाबच्या फांदीला टांगलेली लॉरीच्या चाकाची लोखंडी कडी, मास्तरांनी स्वतः आणली होती. ती शाळेची आहे. माझ्या घरातल्या कोणीही तिच्यावर हक्क सांगू नये.

४. कपाटात खडूची एक न फोडलेली पेटी आहे. ती आमच्या मुखियाच्या जुन्या कारकुनाला द्यावी. मास्तर निवडणुकीला उभे राहिले तेव्हा भर बाजारात हा म्हणाला होता, “हा मास्तर तुम्हाला देणार काय? खडू?” मास्तर सायकलवरून उतरले आणि म्हणाले, “हो, खडूच देणार.” ते निवडून आले. आपल्या भागाला दोन विहिरी आणि वरच्या वर्गांची शाळा त्यांनी आणली. पुढे लष्कराने विधानसभा बंद केली, तेव्हा बाकीचे मेंबर तोंड लपवत गावी परतले. मास्तर शनिवारी आले आणि सोमवारी फळ्यासमोर उभे राहिले. कारकून अजून जिवंत आहे. पेटी त्याच्या हातात द्यावी आणि काही बोलू नये.

५. आता घर. हे घर मास्तरांनी माझ्या नावाने बांधले, पत्र्याचे छप्पर मी माझ्या तुपाच्या पैशातून घातले. फिलोमेनाला ‘वा’ नावाच्या शहरात तिचे घर आहे. हे घर मी मास्तरांचा पुतण्या सिल्व्हेस्टर याला देऊ इच्छिते, पण अट घालून.

सिल्व्हेस्टर वाईट नाही. मी आजारी पडले तेव्हा तो कुमासीहून रात्रभराचा प्रवास करून आला. पण तो तिकडे शहरातच वाढला, आणि जे आपल्याकडे रांगत्या पोराला कळते ते त्याला कळले नाही. म्हणून इथे लिहून ठेवते. आपण दागाबा लोक आणि पूर्वेकडचे फ्राफ्रा लोक यांच्यात थट्टेचे नाते आहे. एका कुत्र्याच्या मुंडक्यावरून कधीतरी भांडण झाले म्हणतात, तेव्हापासून एकमेकांना हवे ते बोलावे आणि कोणी रागवू नये. आपला माणूस मेला की फ्राफ्राने येऊन त्याची नक्कल करायची, त्याच्या वस्तू पळवायच्या. त्याच्यावाचून मयत मुके.

मास्तरांचा फ्राफ्रा म्हणजे अकोल्गो. एकाच पलटणीत होते. ब्रह्मदेशात कालादान नदीच्या काठी मास्तर तापाने पडले, तेव्हा अकोल्गोने त्यांना पाठीवर घेतले आणि वाटभर शिव्या घातल्या. म्हणे, “दागाबा मेल्यावर फार जड होतात, म्हणून जिवंतपणीच उचलतोय.” मास्तर सांगत, त्या शिव्यांना उत्तर द्यायचे म्हणून मी जगलो.

मास्तर गेले तेव्हा त्यांना रीतीप्रमाणे नवे कपडे घालून मांडवात उंचावर बसवले होते. अकोल्गो आला. त्याने खुंटीवरचा मास्तरांचा लष्करी कोट अंगात घातला, डाव्या हाताने सलाम ठोकला, मयताशेजारी बसून भाषण सुरू केले: “मला मत द्या. दोन विहिरी दिल्या, दोन्हीत पाणी निघालं, आता माफ करा.” रडणाऱ्या बायका हसू लागल्या. मीही. सिल्व्हेस्टरला वाटले, कोणी दारुडा काकांची विटंबना करतोय. त्याने अकोल्गोच्या थोबाडीत मारली, कोट ओढून घेतला आणि पोलीस बोलावला. दुःखात तिने जिवाचे काही करू नये म्हणून विधवेच्या कमरेला दोर बांधतात. तो दोर दोघींनी धरला होता, मला उठता आले नाही. मी ओरडले, पण वाजंत्री लाकडी पट्ट्यांचे बाजे बडवत होते, त्यापुढे आवाज पोचला नाही. अकोल्गो पोलिसाबरोबर गेला. ब्रह्मदेशातून माझ्या माणसाला परत आणणारा माणूस त्याला माती द्यायला नव्हता.

त्यानंतर या घराच्या कुठल्याही मयताला एकही फ्राफ्रा आलेला नाही. सिल्व्हेस्टर मला म्हणाला, “काकू, मी त्यांना पैसे पाठवतो.” मी सांगितले, थट्टेतला अपमान पैशाने भरून निघत नाही.

म्हणून अट अशी. मी मेले की ती बातमी सिल्व्हेस्टरने स्वतः बोंगो गावाच्या बाजूला अकोल्गोच्या घरी न्यावी. रेडिओवरची सूचना चालणार नाही, माणूस पाठवलेला चालणार नाही. एक गिनी कोंबडी आणि मान म्हणून चघळायला देतात ती कोलाची फळे न्यावीत, अंगणात जमिनीवर बसावे आणि ते बोलतील ते सगळे ऐकावे. उत्तर द्यायचे तर थट्टेतच द्यावे. तो गेला तर घर त्याचे. गेला नाही तर घर शाळेचे, तिथे मास्तर लोक राहतील.

६. कोर्टातल्या कारकुनाने सांगितले की मृत्युपत्रात ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये. साक्षीसाठी मला अकोल्गोच हवा होता. फिलोमेना त्याला लॉरीतून घेऊन आली. काठी टेकत दारात उभा राहिला आणि म्हणाला, “काय गं बायको, अजून मेली नाहीस? मी रिकाम्या पोटी आलो.” मी म्हटले, “तुला पुरून मगच जाणार.” मग कोर्टातल्या कारकुनाचे म्हणणे सांगितले. तो म्हणाला, “म्हणजे सही केली तर मला चोरीच करावी लागणार.”

मयताला येशील ना, असे विचारले. थट्टा थांबवून तो म्हणाला, “आज तू बोलावलंस, आलो. त्या दिवशी तू बोलावणार नाहीस. तो पुतण्या स्वतः सांगायला आला तर येईन.”

तेव्हा अकोल्गोच्या नावे मी काहीही ठेवत नाही. मास्तरांचा कोटही कोणाला देत नाही. माझ्या मयताच्या दिवशी तो दाराजवळच्या खुंटीवर टांगावा, दाराला कुलूप घालू नये आणि कोट नेणाऱ्याला कोणी अडवू नये.

या मृत्युपत्राची अंमलबजावणी फिलोमेनाने करावी. लिहिलेले सगळे दोन्ही साक्षीदारांना मोठ्याने वाचून दाखवले. अडखळले नाही.

सही: पोगसा एमिलिया दाबुओ

साक्षीदार:
१. बेनेडिक्ट झिएम, धर्मशिक्षक, टांगपुओ
२. अकोल्गो, माजी सैनिक, राहणार बोंगो (डाव्या हाताचा अंगठा)

टांगपुओ, १४ फेब्रुवारी १९८८