मधोमध धुकं

४ मार्च
नायिकेचं नाक गायब! काल घेतलेला निरोपाचा प्रसंग आज पडद्यावर पाहिला – अख्खा धूसर. सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. मी म्हटलं, "मुद्दाम केलंय. तिच्या डोळ्यांत पाणी आहे, मग बघणाऱ्याच्या का नको?" दिग्दर्शकाने मान डोलावली. आमची तीस वर्षांची दोस्ती त्याच्या या मान डोलावण्यावरच टिकलेली आहे.

७ मार्च
डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे गेलो. सहा महिने लपवत होतो – उजव्या डोळ्यात मधोमध धुकं. कडेचं कपाट चोख दिसतं, माणसाचे कान दिसतात. चेहरा नाही. "गेलेलं परत यायचं नाही," बाई म्हणाल्या. "आणि डावाही त्याच वाटेवर बराच पुढे गेलाय." डावा! तीस वर्षं कॅमेऱ्याला मी उजवाच लावला, हा आपला मिटून पडलेला. जन्मभर बसून खाल्लं, आणि तरी थकला?

बायको म्हणाली, "अहो, सांगून टाका त्यांना." सांगतो की! आंधळा कॅमेरामन पाहिजे अशी जाहिरात आली की पहिला अर्ज माझाच.

८ मार्च
नाही सांगितलं.

१२ मार्च
दिग्दर्शकाने गळ घातली. "रखवालदाराचं काम कर ना. दोनच दिवस. तोवर कॅमेरा ती सांभाळेल." ती म्हणजे माझी सहायक – चौदा वर्षं माझ्या शिव्या खाऊन तयार झालेली. असा मी अधूनमधून पडद्यावर जातो. दोनदा प्रेत, एकदा न्यायाधीश. प्रेताचं कौतुक जास्त झालं.

१४ मार्च
अकरा टेक! रखवालदार अंधारात उभा राहून आपल्या मुलीला जाताना बघतो – एवढंच. पण गालाला दिव्याची ऊब लागली की माझं तोंड आपोआप तिकडे. जन्मभर नटांना उजेडात ओढलं, आता ती खोड मलाच ओढते. दिग्दर्शक ओरडला, "अरे, तू रखवालदार आहेस की सूर्यफूल?" माझी सहायक जवळ येऊन हळू म्हणाली, "सर, अंधारातच थांबा. मी आहे ना."

बाराव्याला थांबलो. मुलीचं काम करणारी नटी समोरून गेली. तिचा चेहरा शोधत राहिलो, सापडलाच नाही. टाळ्या! "काय बघितलंस रे तिच्याकडे!" – दिग्दर्शकाने मिठीच मारली.

मी काहीच बघितलं नव्हतं.

१५ मार्च
उद्या कॅमेरा परत माझ्या हातात. घरी सराव केला. नजर जरा तिरकी धरली तर बायकोची हनुवटी दिसते. "असं चोरासारखं काय बघताय?" ती म्हणाली. जमेल. हनुवटी हाती लागली की वरचं सगळं अंदाजाने.

१६ मार्च
रखवालदाराचं काम वाढवलंय – थेट शेवटच्या प्रसंगापर्यंत. कॅमेरा तिच्याकडेच राहणार. नवा करार तिनेच आणून दिला, आणि सही करायची त्या जागेवर बोट ठेवून उभी राहिली.

कुठे, ते मी विचारलं नव्हतं.