बशीने झाकलेला चहा

मुलुंड, मंगळवार, संध्याकाळ

प्रथम घटना, घडल्या त्याच क्रमाने. चारकोपच्या कारखान्यात मी घडवलेले कालयंत्र घरी स्वयंपाकघरात सुरू केले. यंत्राच्या काचेवर या घराच्या सरलेल्या वर्षांचा नकाशा उमटला. पती अविनाश हयात असतानाची एक संध्याकाळ मी निवडली. तो ओट्यापाशी दिसला, बोललाही: “काय गं, अजून गणितातल्या चुकाच शोधतेयस? चहा पी आधी.” मी यंत्र बंद केले.

ओट्यावर चहा होता. त्याच्या सवयीप्रमाणे बशीने झाकलेला. गरम.

यंत्र केवळ दृश्य आणि आवाज परत आणते, वस्तू नव्हे. गणित पुन्हा तपासले, निर्दोष आहे. घरात मी एकटी, आणि चहा मी केलेला नाही. मग ती बशी?

अविनाश, तू इथे आहेस का? तोंडी सांगू नकोस, आवाज यंत्रही काढते. याच पानावर, तुझ्या अक्षरात, लेखी उत्तर दे.