देऊन टाकलेली हाक

शहागड,
ता. ९ मार्च १९७६

माय, लांबूनच तुझे पाय धरते. मी मजेत हाये.

कडूबा भाऊ, मायला जोरात वाचून दाखव. पेन्सिलीनं लिहिलंय, फिकं वाटलं तर उजेडात धर. घरच्यांला जिवंत शाईनं लिहायची मला हिंमत होत न्हाई.

खोली नदीजवळ बराबर मिळाली. दोन टाइम जेवते. माय, तुझे गुडघे कसे हायेत? काळी शेळी व्याली का?

लोकांला लिहून द्यायच्या माझ्या कामाची रीत तुला ठावच हाये. त्या जिवंत शाईनं जे लिहावं ते वाचणाऱ्याला खरंखुरं भेटतं, आन लिहिणाऱ्याजवळून कायमचं जातं. म्हणून मी किरकोळच देते. एका ट्रकवाल्याला आपल्या चिंचेची सावली लिहून दिली. आता चिंच आठवते, सावली न्हाई.

सोमवारी एक म्हातारी आल्ती. ती जन्मली तवाच तिची माय गेल्ती. म्हणली, "मला एकदा मायची हाक ऐकायची हाये." माझ्याकडं एकच हाक होती, माय. लिहून दिली. नाव तिचं, आवाज तुझा. वाचता वाचता ती "ओ" म्हणली आन लहान पोरीवानी रडली.

तवापासून तू डोळ्यांपुढं येतीस, ओठ हालवतीस, पण ऐकू काहीच येत न्हाई. रागावू नको.

शनिवारच्या यष्टीनं जाफराबादला येते. मला पाहून पळत येऊ नको. उंबऱ्यातच थांब आन नाव घेऊन हाक मार. तू हाक मारल्याबिगर मी अंगणातून आत येणार न्हाई.

तुझी,
कौसल्या