आजाऱ्यांच्या यादीत सावळाराम

केडगाव,
सोमवार, १३ ऑगस्ट १९६२

चि. योहान यास नथानिएलकाकाचा सलाम आणि आशीर्वाद.

देवाच्या कृपेने आम्ही खुशाल आहोत. पावसाळा लागल्यापासून तुझ्या आजीचे गुडघे तेवढे कुरकुरतात (आणि त्यांच्याबरोबर आजीही). पुण्यात वेळेवर जेवतोस ना? रेडिओवर श्रुतिकेचं नाव सांगताना तुझा आवाज ओढल्यासारखा येतो, अशी तिची तक्रार आहे.

आधी कौतुक करतो, कारण पुढे माझीही तक्रार आहे. शाळेतली पक्की नोकरी सोडून तू रेडिओवर विनोद लिहायला गेलास, तेव्हा मी तुला वाया गेलेला म्हणालो होतो. ते मागे घेतो. नाताळच्या नाटकात तू मेंढपाळांना ‘कुत्रं कुणी आणलं’ यावरून भांडायला लावलंस आणि पाळकसाहेब हसू दाबता दाबता खोकायला लागले, तेव्हाच मला समजायला हवं होतं. स्वतःच लिहायचं, स्वतःच नटांकडून बसवून घ्यायचं, वर सुपात वाटाणे घोळवून पाऊसही स्वतःच पाडायचा! दर गुरुवारी पंचायतीच्या रेडिओपुढे पाय ठेवायला जागा नसते. कासुर्डीचे मारुतराव स्वतःच्या लग्नातही हसले नव्हते म्हणतात, पण रेल्वेचे सांधे बदलणारा तुझा सावळाराम पाइंटमन बोलू लागला की तेही उपरण्यात तोंड खुपसतात. आता तर सुटलेल्या एसटीला त्याच्यासारखं ‘जा बाई, सांभाळून जा’ म्हणतात (कंडक्टर रागावतो).

तर तक्रार अशी. गेल्या गुरुवारी तू सावळारामाला न्यूमोनिया करून दौंडच्या दवाखान्यात टाकलंस आणि मोकळा झालास. रविवारी उपासनेत नेहमीप्रमाणे मी आजाऱ्यांची यादी वाचली. लिडियाबाईंचा मोतीबिंदू वाचला आणि त्याच दमात ‘सावळाराम, दौंड, न्यूमोनिया’ही वाचून गेलो. ध्यानात येईपर्यंत सगळ्यांनी डोळे मिटले होते. अरे, काय ती प्रार्थना! लिडियाबाईंसाठी इतकं कळवळून कोणी काही मागितलं नव्हतं. त्या अजून रुसून आहेत. बाहेर मारुतराव भेटले. म्हणाले, “आमीबी भैरोबाला नारळ बोललोय. कुनीबी उठवा, पर गडी ड्युटीवर आला पायजे.” आता दोन्हीकडची अब्रू तुझ्या हातात आहे. तू त्याला मारलंस तर पुढच्या रविवारी मी कोणत्या तोंडानं यादी वाचू?

तुझा,
नथानिएलकाका

ता. क. सावळारामाला बरा कर. पत्र एवढ्यासाठीच लिहिलं. कौतुक खरं आहे, पण ते कार्डावरही मावलं असतं.

आणखी एक ता. क. यादीत ते नाव आजीनं घातलं होतं. मी म्हणालो, आई, अगं तो योहाननं रचलेला माणूस. तर म्हणाली, “मला काय कळत न्हाई व्हय? सुटल्या गाडीला ‘जा बाई’ म्हननारा दौंडात दुसरा कोन व्हता?” सावळारामात तुझ्या बापाला मीही पहिल्याच गुरुवारी ओळखलं होतं, पण आईला कळलं नसेल, अशी माझी समजूत होती. याकोबदादाला न्यूमोनिया झाल्याचं आणि तो गेल्याचं आम्हाला एकाच तारेनं कळलं. म्हणून त्याचं नाव यादीत कधी आलंच नाही. “तवा मागायचं ऱ्हाऊन गेलं,” म्हणाली. या गुरुवारी ती स्वतः पंचायतीत येऊन बसणार आहे. गुडघ्यांचं मी बघतो. तू त्याला घरी आण.